पत्र्यावरचं मोडकं चाक

मित्रांनो, किल्ली दिल्याशिवाय मी जागचा हलत नाही, आणि आता किल्ली द्यायला कोणी येत नाही. मी एक जुना फिल्मचा कॅमेरा आहे. उंदरांनी माझा पट्टा खाल्लाय, पण डोळा शाबूत आहे बरं!

वडवणीचे त्रिंबक मास्तर माझे धनी. एका दुष्काळी साली एका सहकारी साखर कारखान्याने उसावर औषध फवारायला विमान आणलं आणि मास्तरांच्या डोक्यात खूळ शिरलं. विमान उडवणाऱ्याच्या एकटेपणावर फिल्म काढायची! ना गाणं, ना बोलणं. नुसतं आभाळ, पंख आणि वैमानिकाची पाठ.

वर गेलो तेव्हा माझी तर पाचावर धारण बसली. मास्तरांच्या हट्टापायी विमान ऊस मागे टाकून आमच्या वडवणीकडे वळलं. खाली माळ करपलेला, वस्त्या ओस. माणसं ऊसतोडीला गेलेली. एवढ्यात एका पत्र्याच्या घरापुढे म्हातारी दिसली. विमान खाली येताच तिच्या कोंबड्या उधळल्या आणि बाईने आमच्यावर काठी उगारली. मी ते टिपलं.

फिल्म धुऊन आली, तसे मास्तर चिडले. "एकटेपणाच्या फिल्ममधी ही कशापायी आली? कापूनच टाकतो." मला लई वाईट वाटलं. नशीब, फिल्मचे तुकडे जोडायची चिकटपट्टी संपली होती, म्हणून कापणं राहिलं.

एके दिवशी, दिवस मावळल्यावर, मास्तरांनी कारखान्याजवळ ऊसतोडीवाल्यांच्या कोप्यांपुढे, म्हणजे पाचटाच्या झोपड्यांपुढे, पडदा म्हणून चादर बांधली. चादरीवर नुसतं आभाळ! "मास्तर, हिरो कवा येतो?" ऊसतोडीवाल्या निवृत्तीने विचारलं. सगळे हसले, त्याची बायको मनकर्णा तेवढी हसली नाही. तिची आई छबुबाई गावी एकटी होती. ती अंथरुणाला खिळलीय, वाचायची नाही, असा निरोप संक्रांतीला आला होता. मुकादम सुट्टी देईना. तेव्हापासून मनकर्णाला घास गोड लागत नव्हता.

चादरीवर पत्रा आला आणि ती ताडकन उठली. "आवं, त्ये मोडकं चाक! पत्रा उडू नये म्हनून म्याच ठिवलतं! आन् ती... माझी आय हाय ती! मास्तर, कवाचं हाय हे?"

"संक्रांतीनंतर आठ दिसांनी गेलतो आमी."

"म्हंजी निरोपाच्या मागून! उठली गं बाई माझी आय!" ती मटकन बसली आणि हसता हसता रडायला लागली. "बघा, इमानाला शिव्या देतीया!"

मास्तरांनी तो तुकडा तीनदा दाखवला. मागे बसलेला वैमानिक हळूच म्हणाला, "अख्ख्या हंगामात मान वर करून माझ्याकडे बघणारी हीच एक."

मास्तरांनी ती म्हातारी कधीच कापली नाही. हुश्श! म्हणून सांगतो, मित्रांनो, जुन्या फिती, जुने फोटो फेकण्याआधी एकदा नीट बघा. कोणाची तरी आई त्यात काठी उगारून उभी असेल.