निलीला उचलू नका

शमशोन तळकरचा राग इस्राएलमधल्या किर्यात गात गावात सगळ्यांना ठाऊक होता. कोणी न विचारता त्याची चाकाची खुर्ची मागून ढकलली, की तो दोन्ही चाकं घट्ट धरायचा आणि ढकलणाऱ्याचं पोट दांड्यांवर आदळायचं. मुंबईत असताना, चार वर्षांचा होता तेव्हा, पोलिओनं त्याचे पाय गेले. त्या पायांनी तो कधी चालला नाही, पण तळपायाची आग मस्तकात जायला त्यांची कधी अडचण झाली नाही.

बारा वर्षं तो खुर्चीवरचं बास्केटबॉल खेळला. देशाकडून परदेशी गेला, पदकं आणली. मग उजवा खांदा झिजला, हात डोक्यावर जाईना, आणि तो मुलांना शिकवू लागला. गावातल्या हॉलला पायऱ्या होत्या. तिथे मुलांना पोत्यांसारखं उचलून नेण्यापेक्षा त्यानं शाळेमागचं डांबरी मैदान धरलं.

त्याचा एक नियम होता. ज्याला पडून स्वतः उठता येत नाही, त्याला सामन्यात घ्यायचं नाही. मुलांना तो समजावून सांगायचा, पुन्हा पुन्हा, न कंटाळता: पडताना हनुवटी छातीला लावा, म्हणजे डोकं आपटत नाही. मग कुशीवर वळा, खुर्ची सरळ करा, ब्रेक लावा. एक हात जमिनीवर, एक बैठकीवर, आणि स्वतःला वर ओढा. कोणी हात लावणार नाही. "सामन्यात पडलात तर आई येणार आहे का?" असं तो विचारायचा.

निलीची आई मात्र आली.

निली तेरा वर्षांची. चेंडू टाकावा तर तिनंच. तेल अविवचा सामना तोंडावर आला होता आणि संघात ती पाचवी होती. ती नसेल तर संघच उभा राहत नव्हता. राहिलं होतं एवढंच, पडून उठणं. त्या दिवशी ती खुर्चीसकट आडवी झाली, आणि बाकावर बसलेली तिची आई नओमीबाई धावत आली. तिनं पोरीला कडेवर घ्यावं तसं उचललं.

"नओमीबाई, खाली ठेवा तिला," शमशोन म्हणाला.

"काय?"

"जिथून उचललीत तिथे. डांबरावर."

"गुडघा फुटलाय तिचा."

"फुटू दे. तिचा आहे, तुमचा नाही."

बाकीच्या मुलांना मराठी कळत नव्हती, पण राग कळत होता. चेंडू घरंगळत कुंपणापर्यंत गेला. कोणी आणायला गेलं नाही.

"माणूस आहेस का रे तू?" नओमीबाई म्हणाली. "तुझ्या आईनं तुला असंच टाकलं होतं का?"

"नाही टाकलं. तेच तर. तिनं मला जमिनीला टेकूच दिलं नाही. पहिल्यांदा एकटा बाहेर पडलो आणि खुर्चीतून पडलो, तेव्हा दुपारभर उन्हात पडून राहिलो. कोणी येऊन उचलेल म्हणून. उठता येतं हेच मला माहीत नव्हतं."

नओमीबाई पोरीला घेऊन गेली. उद्यापासून निली येणार नाही, असं जाता जाता सांगून गेली.

शमशोन घरी पोचायच्या आधीच बातमी त्याच्या आईपर्यंत, सिपोरापर्यंत, पोचली होती. "उद्या नओमीकडे मलिदा आहे," सिपोरा म्हणाली. "तिचा मुलगा योराम फौजेतून सुखरूप सुटला म्हणून. यायचं आणि माफी मागायची."

मलिदा म्हटल्यावर त्याचं डोकं आणखी फिरलं. मनातलं पुरं झालं की बेने इस्राएलांच्या, म्हणजे कोकणातल्या ज्यूंच्या, घरी एलियाहू हन्नाबी या प्रेषिताच्या नावानं पोहे भिजतात, त्यात खोबरं-साखर पडते, फळं मांडली जातात. सिपोरानं मुंबईतच नवस बोलला होता: पोरगा चालला की मलिदा करीन. तो पदकं घेऊन आला. तिनं पदकं पुसून कपाटात ठेवली. पोहे कधी भिजले नाहीत.

"माफी नाही मागणार," तो म्हणाला. "मलिदा खाईन."

नओमीबाईच्या दाराशीही पायऱ्या होत्या. चार पुरुष उचलायला पुढे झाले. शमशोननं त्यांच्याकडे असं पाहिलं की ते मागे सरले. तो खुर्चीतून उतरला, पायरी पायरी करत बसल्या बसल्या वर चढला, आणि खुर्ची मागून ओढून घेतली. नओमीबाई दारात ओठ आवळून उभी होती. तिच्यामागून निली बघत होती.

प्रार्थना झाली, ताटं फिरली. योराम त्याच्या कानाशी वाकला. "कोच, माझ्या अख्ख्या नोकरीत आमच्या आईशी एवढं भांडायची हिंमत एकाही अधिकाऱ्यानं केली नाही."

निली मध्येच हिब्रूत म्हणाली, "इमा, मी उद्या जाणार."

"नाही," नओमीबाई मराठीत म्हणाली.

"मग बघ."

तिनं सगळा भार मागे टाकला आणि पाहुण्यांच्या मधोमध खुर्चीसकट उताणी पडली. एक ताट उडालं. हनुवटी छातीला होती. डोकं आपटलं नाही. नओमीबाई ताडकन उठली, आणि शेजारी बसलेल्या सिपोरानं तिचं मनगट धरलं.

"बस, नओमी."

"पडलीय ती."

"दिसतंय मला. बस."

निलीनं खुर्ची सरळ केली, पण ब्रेक विसरली. खुर्ची सरकली आणि ती पुन्हा फरशीवर आली. शमशोननं स्वतःची चाकं आवळून धरली. तोंडाशी आलेला शब्द गिळला. निलीनं हिब्रूत एक शिवी हासडली, ब्रेक लावला आणि स्वतःला वर ओढलं. गालाला पोहे चिकटले होते.

"उद्या पाच वाजता ना?" तिनं शमशोनला विचारलं.

नओमीबाई खाली बसली. नाही म्हणाली नाही.

परतताना शमशोननं आईला विचारलं, "हात का धरलास तिचा?"

"उचलणार होती ती."

"आणि तू? मला कधी पडू दिलंस?"

"नाही दिलं." थोडं चालून ती म्हणाली, "त्या पोरीनं तेल अविवला सामना जिंकला तर मलिदा करीन. मघाशी तिथेच नवस बोलले."

त्याचे हात चाकांवर थांबले. "बारा वर्षं खेळलो, आई. माझ्यासाठी का नाही?"

"नवस चालण्याचा होता. तू चाललास का?"

"नाही."

"मग? एलियाहूला खोटं सांगू?"

"माझा एक सामना तरी बघायला आलीस?"

"पडशील म्हणून नाही आले."

"पडलो की. कितीतरी वेळा."

"म्हणूनच," सिपोरा म्हणाली.

त्यानं रागानं चाकं रेटली, बराच पुढे गेला, आणि ती मागे राहिली म्हणून धुसफुसत थांबला. ती सावकाश आली.

"उद्या पाचला मीपण येते."

"ये. पण बाकावरून उठायचं नाही. मी पडलो तरी."

"तू अजून पडतोस?"

"मग मुलांना कोण दाखवणार?"

सवयीनं तिचा हात खुर्चीच्या दांड्याकडे गेला होता. तो तिनं मागे घेऊन पदरात गुंडाळला.

"पुढे चढ आहे," ती म्हणाली.

"दिसतोय मला."