दाराला लावलेला धोंडा

बारा कोसांवर भाषा बदलते म्हणतात. आमच्या डोंगरांत बारा कोस लागत नाहीत, एक खिंड पुरते. मग कुस्कोची केचुआ आणि आमची आंकाशची केचुआ यांच्यात किती अंतर पडलं असेल याचा हिशेब तुम्हीच करा. पण राजधानीत, लिमात बसलेल्या साहेबांना हे कोण सांगणार? त्यांनी कायदा केला की केचुआ बोलणाऱ्याचा खटला केचुआत ऐकावा, आणि आमच्या तालुक्याच्या कोर्टात दुभाषा म्हणून थेट कुस्कोहून बेनिग्नो चांपीला धाडून दिलं.

पूर्वी शाळेत शिकवायचा म्हणून सगळे त्याला मास्तर म्हणत. वय त्रेपन्न. कोट एकच, पण रोज इस्त्रीचा. आपली केचुआ म्हणजे इंकांच्या तोंडची, आणि बाकी सगळ्यांची म्हणजे भेसळ, असं तो खानावळीत चारचौघांत बसून सांगायचा. आमचं बोलणं ऐकलं की नाक मुरडायचा. खरी गोष्ट अशी होती की ते त्याला कळतच नव्हतं. दहातले तीन शब्द हाती लागायचे, सात डोक्यावरून जायचे. पण कबूल कोण करणार? झाकली मूठ सव्वा लाखाची.

तीन महिने मूठ झाकलेली राहिली. बांधाचे आणि पाटाच्या पाण्याचे तंटे घेऊन यायचे ते पुरुष, लष्करात राहून आलेले, मोडकंतोडकं स्पॅनिश बोलणारे. मास्तर त्यांना आधीच व्हरांड्यात गाठून स्पॅनिशमध्ये सगळं काढून घ्यायचा आणि मग जज्जापुढे दुभाषेपण मिरवायचा. जज्ज व्हेलार्दे लिमाचे, त्यांना दोन्ही बोल्या सारख्याच. त्या मंगळवारी दुपारी ते मास्तरच्या कायम नेमणुकीच्या कागदावर सही करणार होते. मास्तरने बायकोला तसं पत्रही टाकून दिलं होतं.

आणि त्याच मंगळवारी सकाळी तेओफिला कोचाचिनला कोर्टात आणलं.

ती वरच्या कुरणांवरची मेंढपाळीण, तिशीच्या आतली, नवरा खाणीत गाडला गेलेला. रविवारच्या बाजारात ती एक मेंढा विकायला बसली होती आणि मेंढ्याच्या कानाला जमीनदाराच्या मोठ्या वाडीची खूण होती. वाडीच्या गुराख्याने लोकर कातरायला हात लावल्याबद्दल तो तिला दिला होता. आमच्याकडे कामाच्या बदल्यात असंच देतात, कागद कुणी करत नाही. पण शिपाई किनाऱ्याकडचे. त्यांनी खूण पाहिली, बाई उचलली, दोन दिवस कोठडीत टाकली. तिला स्पॅनिशचा एक शब्द येत नव्हता.

तिने कुणी काही विचारायची वाट पाहिली नाही. मास्तरच्या तोंडून केचुआ ऐकल्याबरोबर ती बोलतच सुटली. मास्तरच्या कानात शिरलं ते एवढंच: पोरगी. लुशी. वर. रविवार. दार. धोंडा. पुन्हा लुशीचं नाव, पुन्हा धोंडा. आणि तिने तीन बोटं वर केली, मग हात कमरेच्याही खाली नेऊन उंची दाखवली.

वरच्या कुरणांवरच्या बायका बाजाराला उतरतात तेव्हा लहान पोराला झोपडीत ठेवून दाराला बाहेरून धोंडा लावतात. वर कोल्हा असतो, पुमा असतो, आणि पोर चालत चालत दरीच्या कडेला जातं. आत मडक्यात उकडलेले बटाटे ठेवायचे, कुत्रं दाराशी बसवायचं आणि संध्याकाळी परत यायचं. आम्ही सगळे असेच कोंडून वाढलो. मास्तरच्या आईनेही त्याला असंच कोंडलं होतं, तिकडे कुस्कोच्या डोंगरात. भाषा वेगळी असली तरी धोंडा तोच. त्याला सगळं कळलं होतं.

एक प्रश्न विचारून खात्री करून घेतली असती तर पुरे होतं. पण तो विचारणार कसा? तिला त्याची केचुआ कळत नव्हती आणि त्याला तिची. तसं म्हणायचं तर भर कोर्टात म्हणावं लागलं असतं, जज्जाच्या टेबलावर नेमणुकीचा कागद पडलेला असताना.

"काय म्हणतेय ती?" जज्जांनी विचारलं.

मास्तरने टाइपरायटरवर बसलेल्या ओर्तेन्सियाबाईकडे पाहिलं. ही बाई दोन डोंगर पलीकडची. वयाच्या बाराव्या वर्षापर्यंत तिच्या तोंडी केचुआशिवाय दुसरी भाषा नव्हती हे अख्ख्या गावाला ठाऊक. आता उंच टाचांचे बूट घालायची आणि केचुआ ऐकली की कान बंद असल्यासारखी बसायची. तिची बोटं टाइपरायटरवर थिजली होती. नजर मात्र कागदावरच.

"रडगाणं आहे, साहेब," मास्तर म्हणाला. "मेंढरं वर एकटी राहिलीत म्हणते."

"मेंढरांचं राहू द्या. मेंढा हिनेच नेला का, ते विचारा."

मास्तरने खणखणीत कुस्कोच्या केचुआत विचारलं. तेओफिलाने मान खाली घातली, हात पोटाशी धरले आणि म्हणाली, "हो, बाबा."

आता हे 'हो, बाबा' काय असतं ते डोंगरातल्या कुणालाही विचारा. साहेब बोलला की आमची माणसं आधी 'हो, बाबा' म्हणतात. तो होकार नसतो. तुम्ही बोललात, मी ऐकलं, मला मारू नका, एवढाच त्याचा अर्थ. मास्तरची आई जन्मभर पाद्र्यापुढे, पाटलापुढे, डॉक्टरपुढे तेच म्हणत आली. त्याला हे ठाऊक नव्हतं असं कुणी म्हटलं तर मी ऐकून घेणार नाही.

"हो म्हणते, साहेब."

"चोरून?"

पुन्हा प्रश्न. पुन्हा "हो, बाबा."

"कबूल आहे म्हणते."

"छान! असा दुभाषा असला की काम कसं झटपट होतं," जज्ज म्हणाले. पंधरा दिवस कोठडी ठोकली, आणि त्याच पेनाने मास्तरच्या कागदावर सहीसुद्धा करून टाकली.

बाहेर नेताना तेओफिला व्हरांड्यात थांबली आणि तिने मास्तरची बाही धरली. पदराची गाठ सोडून भाजलेला मका त्याच्या ओंजळीत ओतला. एवढा मोठा कोटवाला माणूस आपल्यासाठी एवढं बोलला, मग त्याला रिकाम्या हाताने कसं पाठवायचं? तिने हनुवटीने डोंगर दाखवला, तीन बोटं दाखवली, दोन्ही हातांनी धोंडा ढकलल्यासारखं केलं. मास्तरने मान हलवली. ती मान पाहून बाईचा चेहरा उजळला. दोन दिवस रडणारी बाई गुपचूप शिपायामागे कोठडीत गेली. काम झालं, असं तिला वाटलं.

मास्तरने ओर्तेन्सियाबाईला जिन्यात गाठलं.

"बाई, तिचं पोर वर कोंडलेलं आहे ना?"

"मला काय विचारता? मला केचुआ येत नाही."

"अहो, तुमचं आजोळ तर तिकडचंच—"

"माझं आजोळ लिमाचं." तिने कोटाची गुंडी लावली. ती तीनदा निसटली. "दुभाषे तुम्ही आहात, मास्तर. पगार तुम्ही घेता. शंका असेल तर जा, सांगा साहेबांना. अजून खालीच आहेत."

"सांगितलं तर साहेब विचारतील, मघाशी का नाही बोललात?"

"मग नका सांगू," बाई म्हणाली आणि टाचा वाजवत खाली गेली.

साहेब खालीच होते. मास्तरची वाटच पाहत होते. नोकरी कायम झाली म्हणून जेवायला घालणार होते. लाल मिरचीच्या रश्शात अख्खी कुई, म्हणजे आमच्याकडे घरोघरी पाळून खातात ते गिनीपिग, वर बटाटे, सोबत मक्याची दारू. साहेबांना कुईचे पुढचे दोन दात पाहून हसू आलं. मास्तरही हसला. जेवताना त्याने मनाशी हिशेब मांडला: चार तासांची चढण, आपले गुडघे असे. शेजारपाजार असेलच कुणीतरी. रडणं ऐकलं असेल, दार उघडलं असेल. आणि आपल्याला बरोबर कळलं कशावरून? दहातले तीन तर शब्द.

बुधवारी त्याच्या मनात आलं की सांगून टाकावं. पण बुधवारी सांगितलं तर मंगळवारी का नाही, असं विचारलं असतं. गुरुवारी तर दोन दिवसांचा जाब द्यावा लागला असता. दर दिवशी सांगणं जड होत गेलं. वर त्या आठवड्यात थंडीचा कडाका पडला, खालच्या गावातही पाटाचं पाणी गोठलं. मास्तर कोटाच्या खिशात हात घालायचा तर मक्याचे दाणे हाताला लागायचे. शुक्रवारी त्याने ते खाऊन टाकले.

शनिवारी एक म्हातारा कळपातून हरवलेला लामा शोधत त्या बाजूला गेला. झोपडीच्या दाराशी कुत्रं पडून होतं, त्याला पाहूनही उठलं नाही. म्हाताऱ्याने धोंडा बाजूला केला.

पुढच्या मंगळवारी तेओफिलाला पुन्हा उभं केलं. पोटच्या पोरीला कोंडून मारल्याचा खटला. पंचनामा ओर्तेन्सियाबाईने टाइप केला होता, जज्जांनी वाचला: दाराला बाहेरून धोंडा. आत रिकामं मडकं. दाराच्या आतल्या बाजूला, खालच्या फळीवर, नखांचे ओरखडे. वाचताना साहेबांनी खरोखर डोळे पुसले. त्यांना दोन मुली होत्या.

"कसली जनावरं आहेत ही!" ते म्हणाले. "मास्तर, विचारा तिला. दोन दिवस कोठडीत होती, इथे माझ्यापुढे उभी होती. पोर वर कोंडलंय हे एका माणसाला तरी का नाही सांगितलं?"

मास्तरने विचारलं. प्रश्न कोणता असणार हे तिला त्याची भाषा न कळताही कळलं.

या वेळी तेओफिलाने मान खाली घातली नाही. हात पोटाशी धरले नाहीत. 'हो, बाबा' म्हटलं नाही. तिने मास्तरकडे बोट केलं.

"तुला सांगितलं. तू मान हलवलीस. माझा मका घेतलास." मग बोट टाइपरायटरकडे वळलं. "हिला कळत होतं. ही माझ्याच बोलीची आहे."

एका आठवड्यात माणूस भाषा शिकत नाही. पण त्या दिवशी मास्तरला तिचा शब्द अन् शब्द कळला. दहातले दहा.

"काय म्हणते?" जज्जांनी विचारलं.

मास्तर साहेबांकडे वळला.

"म्हणते, चूक झाली, साहेब."

ओर्तेन्सियाबाईने टाइपरायटरमधला कागद सरळ केला. मग ते टाइप केलं.