भगवंतच्या हातची नोंद

अकोल्याचा वाहेद आणि अमरावतीचा भगवंत १९८६ साली एकाच दिवशी बैतूलच्या एका सरकारी कार्यालयात कारकून म्हणून लागले. तेव्हा मध्य प्रदेश एकच होता. निवड यादीत वाहेद भगवंतच्या एक नंबर वर.

पुढे राज्याची वाटणी झाली, तशी नोकरदारांचीही झाली. भगवंत बैतूललाच राहिला, वाहेदच्या वाट्याला छत्तीसगड आलं. जगदलपूरला त्याने चार वर्षं काढली. आपल्यापेक्षा कनिष्ठ माणसं तिकडे ठेवून आपल्याला इकडे पाठवलं, असा त्याचा अर्ज होता. २००५ मध्ये तो मान्य झाला, वाटप बदललं आणि वाहेद बैतूलला परत आला.

२०१३ च्या मे महिन्यात बऱ्याच वर्षांनी ज्येष्ठता यादी लागली. अधीक्षकाच्या सात जागा भरायच्या होत्या. भगवंत सहावा होता. वाहेद अठ्ठावन्नावा.

आस्थापना शाखेतल्या बाईंनी त्याचं सेवापुस्तक उघडून दाखवलं. २००५ ची नोंद होती, ‘स्वयं के अनुरोध पर स्थानांतरित’. स्वतःहून बदली मागणारा नव्या ठिकाणी सगळ्यांच्या खाली लागतो. वाटप बदलून आलेल्याची ज्येष्ठता मात्र कायम राहते. अक्षर भगवंतचं होतं. त्या वर्षी आस्थापनेचं टेबल त्याच्याकडेच होतं.

भगवंत तेव्हा रजेवर, अमरावतीत होता. वाहेद त्या पानाची झेरॉक्स घेऊन आधी अकोल्याला घरी आला.

“पहिले त्यायलेच विचारा,” रजियाबी नवऱ्याला म्हणाली. “कोर्ट कुठी पळून नाही चाललं.”

दुसऱ्या दिवशी सकाळच्या बसने तो अमरावतीला गेला. भगवंतच्या बायकोने, माणिकबाईने, पाणी आणून दिलं. वाहेदने कागद पुढे ठेवला.

“हे तुमचंच अक्षर हाय ना, भगवंतराव?”

भगवंतने चष्मा लावून पाहिलं. “हो.”

“चुकून लिवलं का?”

हो म्हणून सुटता आलं असतं. भगवंतने चष्मा काढला.

“नाही, वाहेदभाई. वाटप बदलल्याचा आदेश माह्यासमोरच होता. तवा बढतीच्या एका जागेची गोष्ट चालू होती. तुमी आले म्हणजे मी खाली जातो. लिवून टाकलं. मंग ती जागा निघालीच नाही, अन् मी नोंद तशीच राहू देली.”

“आठ वर्षं?”

“आठ.”

“माह्या पोरीच्या, तुबाच्या लग्नात तुमी पंगतीत वाढलं.”

भगवंतने हात जोडले.

“हात नोका जोडू,” वाहेद म्हणाला. “लिहून द्या.”

“माह्या नोकरीवर येईन.”

“मालूम हाय मले. म्हनूनच कोर्टाआधी इथं आलो.”

भगवंतने कोरा कागद घेतला. दोन ओळी लिहून झाल्यावर माणिकबाईने खांद्यावरून वाचलं. “नजरचुकीनं कावून लिवता?” ती म्हणाली. “आत्ताच तर वेगळं सांगितलं तुमी.”

त्याने तो कागद फाडला. दुसऱ्यावर लिहिलं, की आदेश माहीत असूनही चुकीची नोंद मी जाणूनबुजून केली. खाली सही केली, तारीख टाकली.

चौकशी वर्षभर चालली. नोंद दुरुस्त झाली, वाहेद सहावा झाला आणि २०१५ च्या जानेवारीत अधीक्षकाच्या खुर्चीत बसला. भगवंतच्या दोन वेतनवाढी थांबल्या. बढतीच्या यादीतून त्याचं नाव गेलं आणि कारकून म्हणूनच त्याला वाहेदच्या हाताखाली नेमलं.

पहिल्या दिवशी तो कुणाच्या तरी रजेची फाइल घेऊन आला आणि टेबलासमोर उभा राहिला.

“बसा,” वाहेद म्हणाला.

तो बसला. वाहेदने फाइल वाचली, एक तारीख विचारली, सही केली.

सुट्टीत वाहेद अकोल्याला आला तेव्हा रजियाबीने विचारलं, “बोलता का त्यायच्यासंग?”

“कामाचं बोलतो,” तो म्हणाला. “बाकीचं अजून जमून नाही राहिलं.”