मार्गोटची भूमिका

रोझविटाच्या चेहऱ्याला मी एकतीस वर्षं रंग लावला. तिनं शेजारीण केली, नर्स केली, घरमालकीण केली, आणि टीव्हीवरच्या पोलिसी मालिकांत प्रेतं तर किती! रस्त्यात लोक थांबवायचे, "बाई, तुम्हाला कुठंतरी पाहिलंय!" नाव मात्र एकाला आठवेल तर शपथ. तिथं ती हसायची, माझ्या खुर्चीत बसली की रडायची.

आणि सत्तराव्या वर्षी तिला मुख्य भूमिका मिळाली. खरी ती मार्गोटची, त्या नामांकित नटीची. मार्गोट फेब्रुवारीत वारली, म्हणून हिच्या पदरात पडली.

"डॉर्टे, एकदाच गं," ती मला म्हणाली. "एकदाच लोकांनी मला बघावं. माझं नाव घेऊन."

शूटिंगच्या पहिल्या दिवशी सकाळी, बाबेल्सबर्गच्या स्टुडिओत, मी तिच्या भुवया रेखत होते. आमच्यात काम सुरू होण्याआधी नटाच्या डाव्या खांद्यावर तीनदा खोटं खोटं थुंकून "टोय, टोय, टोय" म्हणतात. त्यावर आभार मानायचे नाहीत. मानले, की दिलेलं नशीब देणाऱ्याकडे परत जातं. आमच्या धंद्यातलं शेंबडं पोरही हे जाणतं.

मी पेन्सिलीला टोक काढायला पाठ फिरवली, तेवढ्यात ते तीन शब्द ऐकू आले. आवाज घोगरा, सिगारेटींनी खरवडलेला.

"धन्यवाद," रोझविटा म्हणाली.

मी गर्रकन वळले. खोलीत आम्ही दोघीच. दाराला आतून कडी.

"अगं बये, अक्कल गहाण टाकलीस काय? कोण होतं?"

"आरशात नीट दिसलं नाही. कुणीतरी म्हातारी." तिचे डोळे भरले होते. "दोन वाक्यांच्या भूमिका करणाऱ्या बाईला कोण म्हणतं गं हे? आजवर कुणीच नाही म्हटलं. तोंडातून निघून गेलं."

कुणीच नाही. मीसुद्धा नाही. मेलं माझं लक्षण! आणि तो आवाज मी ओळखला होता. मार्गोटलाही मीच रंगवायचे. पण रोझविटाला सांगायची माझी छाती झाली नाही.

ती कॅमेऱ्यापुढे गेली आणि सेट चिडीचूप झाला. पहिल्याच टेकला दिग्दर्शक रडला. रोझविटा परत आली ती पांढरीफटक.

"डॉर्टे, मी अजून सुरुवातच केली नव्हती."

ऑक्टोबरात बर्लिनला सिनेमा दाखवला. पडद्यावरची म्हातारी खिडकीशी बसली होती, लोक हुंदके देत होते. रोझविटानं अंधारात माझा हात घट्ट धरला.

"यात मी कुठं आहे गं?"

मी पाहिलं. तिची एकूण एक सुरकुती माझ्या बोटांना पाठ आहे. समोरच्या चेहऱ्यावर त्यातली एकही नव्हती; होत्या त्या मार्गोटच्या. लोकांना काय दिसत होतं, देव जाणे. सिनेमाच्या नामावलीत नाव रोझविटाचंच होतं.

"ही काय, समोरच तर आहेस."

"खरंच?"

"डोळे फुटले काय तुझे? तूच आहेस."

ती जराशी हसली, आणि सगळ्यांबरोबर तीही टाळ्या वाजवायला लागली.