कापलेली सहा मिनिटं

सिनेमा लागला त्याच्या दुसऱ्या दिवशी थेटरच्या मालकाने प्रोजेक्टर ऑपरेटरला खाली बोलावलं.

"शेवट काप. हिरो मेलेला लोकांना बघवत नाही. काल दोन खुर्च्या फाडल्या."

हिरो कसला, एका लग्न झालेल्या बाईच्या मागे लागलेला वेडा होता तो. पण नव्वदीतल्या त्या वर्षांत हिंदी सिनेमाच्या लोकांना तोच हवा होता. स्टार पडद्यावर आला की शिट्ट्या, नवरा आला की हुर्यो. ऑपरेटरने शेवटची सहा मिनिटं कापून डब्यात ठेवली. आता सिनेमा संपायचा तो ती दारात थांबून, वळून त्याच्याकडे बघते तिथे. पब्लिक खूश. सातवा आठवडा लागला.

तिकीट खिडकीत ऑपरेटरची थोरली बहीण बसायची. तिने सिनेमा पाहिला नव्हता, भिंतीपलीकडून नुसता ऐकला होता. तिसऱ्या आठवड्यापासून कडक इस्त्रीच्या शर्टातला एक माणूस रोज मॅटिनीला येऊन 'जी सात' नंबरची खुर्ची मागू लागला. मग नोटेखाली चिठ्ठ्या येऊ लागल्या. मग तो घरापर्यंत मागे येऊ लागला, वीस पावलं अंतर ठेवून.

"ताई, तुमचा जी सात आला," डोअरकीपर म्हणायचा. सगळे हसायचे. ऑपरेटरही.

"पोलिसांत जाऊ या का?" तिने एकदा भावाला विचारलं.

"आणि सांगणार काय? रोज तिकीट काढतो म्हणून? पिक्चर उतरला की त्याचं भूतही उतरेल."

सोमवारी त्या माणसाच्या मनगटावर पट्टी होती. खिडकीशी त्याने ती सोडून दाखवली. ताईच्या नावाचं पहिलं अक्षर, ब्लेडने कोरलेलं, अजून ओलं.

"मला घाई नाही," तो म्हणाला. "तीसुद्धा शेवटीच वळते."

ताई खिडकी तशीच टाकून वर केबिनमध्ये आली. "शेवटी ती वळून बघते?"

ऑपरेटर रीळ गुंडाळत राहिला.

"तुला विचारतेय मी."

"बघते. मग गोळी घालते त्याला." त्याने फळीवरच्या डब्याकडे बोट दाखवलं. "ते त्यात आहे."

ती डब्याकडे बघत राहिली. "म्हणजे महिनाभर तू त्याला हे दाखवतोयस."

मंगळवारी मालकाला न विचारता त्याने तुकडा परत जोडला. आपला हिरो मेलेला बघून तरी हा माणूस शुद्धीवर येईल, असं त्याला वाटलं. केबिनच्या झरोक्यातून त्याने तो शेवट पहिल्यांदाच नीट पाहिला. गोळी लागते. मग कॅमेरा स्टारला सोडतच नाही. त्याचे केस वाऱ्यावर भुरभुरतात, गाणं संथ वाजतं. ती त्याचं डोकं मांडीवर घेऊन अशी रडते, जशी जखमी नवऱ्यासाठीही रडली नव्हती. या वेळी कोणी खुर्ची फाडली नाही. हॉलमध्ये हुंदके ऐकू येत होते. जी सात दिवे लागल्यावरही बसून होता.

तो उठला तसा ऑपरेटर जिना धडाधडा उतरून ताईच्या मागे येऊन उभा राहिला.

"ती रडते," तो माणूस खिडकीतून म्हणाला, आनंदाची बातमी सांगावी तसा. "म्हणजे आधी मरावं लागतं. मग हरकत नाही. उद्याची दोन द्या. जी सात आणि जी आठ."

ताईने खिडकी लावली, पर्स उचलली.

चौकीत हवालदाराने दोघा भावंडांचं सगळं ऐकून घेतलं. "हात लावला का त्याने?"

"नाही."

"मग? अहो, तो पिक्चर मी तुमच्याच थेटरात दोनदा पाहिलाय. जीव लावतो बिचारा. शेवटी तीच वळून बघते की."

"पुढचं मी कापलं होतं," ऑपरेटर म्हणाला. "ती त्याला मारते."

"मारते?" हवालदाराचा चेहरा उतरला. "का?"

ताईने खुर्ची पुढे ओढली.

"तेच सांगायला आलेय," ती म्हणाली. "लिहून घ्या."