भिंतीला टेकलेला हात

"चपला बाहेर. आणि ती पिशवी ओट्यावर ठेवू नकोस."

नऊ वर्षांनी भावाच्या तोंडून निघालेलं हे पहिलं वाक्य. गळतीवालीने चपला दाराबाहेर काढल्या, हत्यारांची पिशवी फरशीवर ठेवली आणि पदर खोचला.

"दुसरं कुणी नव्हतं पाठवायला?"

"या भागात मी एकटीच आहे, दादा. मी नको असेन तर तसं लिहून दे. पुढच्या महिन्यात दुसरा माणूस येईल."

"पुढच्या महिन्यापर्यंत ही उरेल का?"

ही म्हणजे वहिनी. खिडकीपाशी स्टुलावर बसली होती. मागच्या उन्हाळ्यात बाजारात लांबून दिसली होती, तेव्हा केस काळेभोर होते. आता डोकं कापसासारखं झालं होतं आणि हातातला पेला हातात राहत नव्हता. दिवसाचे दहा तास या स्वयंपाकघरात काढायची, आणि गळती नेमकी इथेच लागली होती.

ज्याने त्याच माणसांची दोन जगं केली, एक इकडे, एक तिकडे, त्यानेच दयाळूपणाने मधे भिंतही घातली. पण भिंत म्हटली की ओल आलीच. कुठे इकडचा काळ तिकडे झिरपतो, कुठे तिकडचा इकडे. ज्याच्या घरातून गळतो त्याची वर्षं आठवड्यात सरतात, आणि ज्याच्या घरात उतरतो त्याचं दारात आलेलं मरण ताटकळत उभं राहतं. अशा भेगा शोधायच्या आणि बुजवायच्या, यात गळतीवालीचे केस पांढरे झाले होते. तिचे मात्र रीतसर, एकेक करून.

तिने पेलाभर पाणी उकळलं आणि भिंतीकडेने सरकवत नेलं. फडताळाच्या खाली वाफ वर जायची सोडून आडवी झाली आणि भिंतीत शिरली.

"इथे आहे. आपल्याकडून तिकडे जातंय."

"मग बुजव ना! बघत काय बसलीस?"

"आधी ठोकावं लागतं."

पलीकडे कुणी त्या काळावर जगत असेल, तर त्याला न सांगता तो तोडायचा नाही, हा या कामातला धर्म. तीनदा ठोकायचं, उत्तराची वाट बघायची, मगच भेगेत लांबी, म्हणजे बुजवायचा लगदा, भरायची.

"ठोकणं-बिकणं राहू दे," भाऊ म्हणाला. "आईच्या खोलीतही ठोकलं होतंस. काय झालं? चांगली जगत होती, आणि तू बुजवलंस. संध्याकाळच्या आत संपली."

"ती दुसऱ्याच्या काळावर जगत होती, दादा."

"जगत होती ना! आणि जाताना तू कुठे होतीस? चार पावलांवर, भिंतीला हात लावून, पाठ करून उभी! शेवटचं पाणी मी पाजलं. तुला साधं वळून बघवलं नाही. हात काय चिकटला होता तुझा?"

"लांबी धरेपर्यंत हात काढता येत नाही."

"वा! मोठी कारागीर."

"अहो, पुरे करा," वहिनी म्हणाली. तिला श्वास पुरत नव्हता. "वन्सं, तुम्ही ठोका."

गळतीवालीने तीनदा ठोकलं.

भिंतीतून उत्तर आलं. दोन ठोके सलग, मग जरा थांबून एक.

भावाचा चेहरा उतरला. चार वर्षं अंथरुणावर असलेली आई खाटेच्या कडेवर असंच वाजवायची. दोन आणि एक. मग दोघांपैकी जो घरात असेल त्याने चौकटीवर एकदा ठोकायचं. म्हणजे, आलो. तेवढ्यावर तिचं समाधान व्हायचं.

"हे तू केलंस," भाऊ म्हणाला.

"माझे दोन्ही हात तुझ्यासमोर आहेत."

पुन्हा दोन आणि एक.

"ती... आई आहे तिकडे?"

"तिकडची आई. वहिनीच्या वर्षांवर."

भावाने बायकोकडे पाहिलं, मग भिंतीकडे.

"त्या वेळी," त्याने विचारलं, "आईच्या खोलीत. तेव्हाही उत्तर आलं होतं?"

"आलं होतं." गळतीवालीने गुडघ्याच्या जरा वर हात धरला. "इथून. एवढ्या उंचीवरून. कुणीतरी दोन्ही तळव्यांनी थापटत होतं. दर खेपेला थोडं हळू."

"आणि हे तू मला नऊ वर्षं सांगितलं नाहीस?"

"तेव्हा सांगितलं असतं तर म्हणाला असतास, लोकांचं पोर आहे, माझी आई जगू दे. आणि मग आयुष्यभर तुला ते ऐकू आलं असतं. म्हटलं, एकीलाच येऊ दे."

"मोठी पुण्यवान लागून गेलीस!" तो ओरडला, पण आवाज फुटला. तिने लांबीचा डबा उघडला तसा त्याने तो हिसकावला. "तू नाही. पुन्हा तुझ्या हाताने नाही."

"कडेकडून आत भर."

"कळतं मला."

कळत नव्हतं. दोनदा लांबी घसरली. तिने लांबी दाबायची पत्री पुढे केली, ती त्याने तिच्याकडे न बघता घेतली. भेग भरली. त्याने उजवा तळवा त्यावर दाबला.

"किती वेळ?"

"धरेपर्यंत."

पेल्यातली वाफ हळूहळू सरळ झाली. वहिनीने पदराने कपाळ पुसलं. गेलेली वर्षं परत येत नाहीत, पण तिच्या बोटांची थरथर थांबली होती.

ठोके मात्र थांबले नव्हते. भावाच्या तळव्याखाली, बारीक. त्याचा खांदा हलला.

"हात काढू नकोस, दादा."

"जा तू. काम झालं ना? जा."

तिने हत्यारं पिशवीत भरली. वहिनीच्या डोक्यावरून एकदा हात फिरवला आणि बाहेर आली. वाकून चप्पल घालताना तिला दारातून भाऊ दिसत होता. भिंतीला हात लावून, पाठ करून उभा.

आतून आलं. दोन, मग एक. आता कान देऊनच ऐकावं लागेल इतकं हळू.

भावाने मोकळा डावा हात उचलला आणि भिंतीवर एकदा ठोकलं.

गळतीवालीची एक चप्पल घालून झाली होती. दुसरी हातात धरून ती उंबऱ्याबाहेर तशीच उभी राहिली.