नियमाप्रमाणे कुमारी

विमा कंपनीच्या त्या शाखेत बायकांना लग्न करायची मनाई नव्हती. असं कुणी म्हटलं तर मोठ्या साहेबांना वाईट वाटे. लग्न खुशाल करावं, फक्त नंतर कामावर येऊ नये, एवढाच नियम होता. तो साहेबांनीच केला होता आणि त्यामागे स्त्रीजातीविषयीचा आदर आहे, असं ते प्रत्येक निरोप समारंभात सांगत. मग जाणाऱ्या बाईला कंपनीतर्फे एक इस्त्री मिळे.

टेलिफोनच्या बोर्डावर बसणाऱ्या ताईला इस्त्री नको होती, नोकरी हवी होती. अकरा वर्षं ती बोर्ड सांभाळत होती. वडील गेल्यापासून घर तिच्या पगारावर चालायचं, आणि घड्याळं दुरुस्त करणारा तिचा होणारा नवरा बरीच वर्षं ताटकळत होता. शेवटी तोच म्हणाला, "लोकांची घड्याळं चालू करतो आणि मीच बंद पडलोय. काय ते एकदा ठरव."

तिने तारीख ठरवली आणि साहेबांना सांगितलं. नोकरी सोडायची नाही, हेही सांगितलं.

"नियम म्हणजे नियम," साहेब म्हणाले आणि तिच्या जागी माणूस शोधू लागले. आलेल्या मुली बोर्डावरचे दिवे बघूनच पळाल्या. पुरुष ठेवावा, असं हेडक्लार्कने सुचवलं, पण त्या पगारात पुरुष मिळेना.

तेव्हा साहेब स्वतः ताईच्या घरी गेले. आई मटार सोलत बसली होती.

"लग्न वर्षभर पुढे ढकललं तर?" साहेबांनी विचारलं.

"कुणाचं? तुमचं?"

"कंपनीची अडचण समजून घ्या, आई."

"आई म्हणू नका. माझा मुलगा असतात तर वेळेवर वळण लागलं असतं."

साहेब खुर्चीत पुढे सरकले. "मग गुपचूप उरका. कचेरीत ती कुमारीच राहील. सापही मरेल आणि काठीही मोडणार नाही."

"कुंपणच शेत खायला निघालं की," आई म्हणाली आणि मटाराची परात उचलून आत गेली.

ताईने मात्र हो म्हटलं. नोकरी टिकणार होती.

लग्नानंतर दीड वर्षाने ताईला दिवस गेले. कचेरी सभ्य माणसांची, त्यामुळे कुणाला काही दिसलं नाही. साहेबांनी बोर्डापुढे लाकडी पडदा बसवून घेतला. गोंगाट कमी व्हावा म्हणून, असं कारण दिलं.

"दर महिन्याला जरा रुंद करावा लागेल, साहेब," हेडक्लार्क म्हणाला.

सातव्या महिन्यात मुख्य कचेरीतून संचालक पाहणीला आले आणि नेमके पडद्यामागे डोकावले.

"बाई, तुमचं लग्न झालंय?"

"साहेबांना विचारा. त्यांना सगळं माहीत आहे," ताई म्हणाली.

हो म्हणावं तर आपलाच नियम आपणच मोडल्याची कबुली. नाही म्हणावं तर एका बाईची अब्रू जाणार. साहेबांनी विचार केला. अब्रू आपली नव्हती, त्यामुळे फार वेळ करावा लागला नाही.

"नाही," ते म्हणाले.

ताईने कानावरचा हेडफोन काढला. "मग हे मूल काय कंपनीचं म्हणायचं?"

हेडक्लार्कला एकाएकी खोकल्याची उबळ आली. ताईने सगळ्यांच्या देखत, फोनवर बोलते तशा स्वच्छ आवाजात, साहेब घरी कधी आले आणि काय बोलले ते सांगितलं. संचालक बूट न्याहाळत उभे राहिले.

आता तिला काढावं तर ही गोष्ट गावभर होणार होती. म्हणून नियमच निघाला. लग्न झालेल्या बायकांना कामावर ठेवता येईल, पण त्यांची नेमणूक नव्याने धरली जाईल, असं ठरलं. कंपनीच्या वार्षिक अंकात साहेबांचा फोटो आला आणि खाली 'विवाहित भगिनींना दारं उघडून देणारे द्रष्टे अधिकारी' असं छापलं. ताईचा पगार तेरा वर्षं मागे गेला.

बाळंतपणानंतर ती हजर झाली आणि सरळ साहेबांच्या खोलीत गेली.

"माझी तेरा वर्षं कुठे गेली, साहेब?"

"नोकरी राहिली ना? उपकार माना. कागदोपत्री तुम्ही आजच लागलात."

"कागद तुमच्यापाशी असू दे. वर्षं मला परत हवीत."

"ते होणे नाही."

ताई बोर्डावर जाऊन बसली. थोड्याच वेळात साहेबांनी मुख्य कचेरीला फोन मागितला. मग पुन्हा मागितला. शेवटी तणतणत बाहेर आले. ताई सूचनांचं पुस्तक उघडून, एकेका ओळीवर बोट ठेवून वाचत होती. बोर्डावरचे सगळे दिवे पेटले होते.

"अहो बाई, काय चाललंय काय? संचालक खोळंबलेत तिकडे!"

"शिकतेय, साहेब," ताई म्हणाली आणि तिने पान उलटलं. "आजच लागलेय ना."